'डीएलएल फाइल सापडली नाही' असं आलं, तर ती गुगलवर का शोधू नये?

अकोला असो की अमरावती, सेतू केंद्रात दाखल्यांसाठी रांग लागलेली असते आणि अचानक काम थांबतं. रांगेतून प्रश्न येतो, "काऊन भाऊ, लिंक गेली का?" बहुतेक वेळा लिंकच गेलेली असते. पण कधीकधी इंटरनेट नीट चालू असतं, बाकीच्या वेबसाइट उघडतात, फक्त एक सॉफ्टवेअर उघडत नाही. स्क्रीनवर चौकट येते: 'लिबकर्ल डॉट डीएलएल' ही फाइल सापडली नाही.

मग अनेक जण काय करतात? फाइलचं नाव गुगलवर टाकतात, जी साइट आधी दिसेल तिथून फुकटात डाउनलोड करतात आणि सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये टाकतात. यूट्यूबवर हे शिकवणारे व्हिडिओही ढिगाने आहेत. खरा घोळ इथून सुरू होतो.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. वऱ्हाडातला प्रत्येक शेतकरी काही आपल्या वावरात जिनिंग टाकत नाही. कापूस ज्याचा त्याचा, सरकी काढणारी जिनिंग मात्र सगळ्यांची. सॉफ्टवेअरचंही तसंच आहे. सर्व्हरशी जोडणी करणं, माहिती पाठवणं, फाइल उतरवणं ही कामं प्रत्येक कंपनी नव्याने लिहीत बसत नाही, तयार लायब्ररी वापरते. विंडोजमध्ये जोडणीचं मूळ काम विनसॉक करतं. त्याच्यावरची कामं अनेक सॉफ्टवेअर लिबकर्लकडे सोपवतात. स्वीडनच्या डॅनियल स्टेनबर्ग यांनी 1998 मध्ये आणलेल्या 'कर्ल'मधून ती निघाली. आज ती फोनपासून टीव्ही आणि गाड्यांपर्यंत पोहोचली आहे, आणि मुळात फुकट आहे.

आता धोका कुठे? डीएलएल वेगळं सॉफ्टवेअर म्हणून चालत नाही. ती मूळ सॉफ्टवेअरच्या आत शिरते आणि त्याला असलेल्या सगळ्या परवानग्या तिलाही मिळतात. सॉफ्टवेअर 'रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर' करून उघडलं असेल, तर तीही अ‍ॅडमिनिस्ट्रेटर. त्यातही नेटवर्कची फाइल जास्त नाजूक. पासवर्ड, आधार क्रमांक, बँकेचा तपशील कुलूपबंद होऊन बाहेर पडण्याआधी उघड्या रूपात तिच्याच हातात असतो. शिवाय विंडोज अशी फाइल साधारणपणे आधी सॉफ्टवेअरच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतं. तिथे त्याच नावाची फाइल दिसली की उचलतं, ती कुणी ठेवली हे सहसा विचारत नाही.

सगळ्यात वाईट म्हणजे सॉफ्टवेअर सुरळीत चालत राहू शकतं. मार्च 2023 मध्ये 'थ्रीसीएक्स' या कॉलिंग सॉफ्टवेअरच्या बाबतीत जगभर हेच झालं. हल्लेखोर कंपनीच्याच यंत्रणेत शिरले होते, त्यामुळे अधिकृत अपडेटमधूनच बदललेली डीएलएल ग्राहकांच्या कॉम्प्युटरवर पोहोचली. कॉल लागत होते आणि आतून ती फाइल हल्लेखोरांचा पुढचा प्रोग्राम उतरवून घेत होती. कंपनीच्या अपडेटमधून हे होऊ शकतं, तर मालक कोण हेच माहीत नसलेल्या डाउनलोड साइटचं काय सांगावं!

फाइल गायब होण्याची कारणं साधी असतात. इन्स्टॉलेशन अर्धवट राहिलेलं असतं, अँटिव्हायरसने फाइल बाजूला काढलेली असते, किंवा कुणीतरी पेनड्राइव्हवरून सॉफ्टवेअर आणताना फक्त आयकॉनवाली मुख्य फाइल कॉपी केलेली असते. हे शेवटचं कारण आपल्याकडे फारच चालतं.

गंमत म्हणजे उत्तर त्याच चौकटीत असतं. पुढचं वाक्य सांगतं की प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल केल्यास अडचण सुटू शकते. घाईत ते कुणी वाचत नाही. कंपनीच्या स्वतःच्या साइटवरून पूर्ण सेटअप घ्यावा आणि तो चालवावा. फाइल विंडोजची असेल, तर विंडोजमधलाच 'सिस्टम फाइल चेकर' ती दुरुस्त करतो. अँटिव्हायरसने उचललेली फाइल मात्र परस्पर सोडवू नये, आधी सॉफ्टवेअरवाल्यांना विचारावं.

आणि तुम्ही अशी उसनी फाइल आधीच टाकली असेल तर? ती काढा, पूर्ण स्कॅन करा आणि त्या कॉम्प्युटरवर वापरलेले पासवर्ड दुसऱ्या कॉम्प्युटरवरून किंवा मोबाइलवरून बदला.