टॅबमध्ये गेम येतो कुठून?

शाळेला सुट्टी लागली की घरातला टॅब आधी कोणी घ्यायचा यावरून भांडण होतं आणि ते मिटायच्या आत पुढची मागणी येते, "नवीन गेम टाकून दे ना." टाकून देणारं मोठं माणूस बहुतेक वेळा हातातलं काम न सोडताच प्ले स्टोअर उघडतं, 'इन्स्टॉल' दाबतं आणि टॅब परत करतं. गेमचं चिन्ह पडद्यावर उमटलं की आपल्या दृष्टीने विषय संपला. प्रत्यक्षात मधल्या वेळात टॅबने आपल्या वतीने बऱ्याच गोष्टींना होकार दिलेला असतो, आणि तो होकार मुलाच्या नव्हे, आपल्या नावावर असतो.

उदाहरणाला 'लुडो किंग' घेऊ. नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीने २०१६ मध्ये आणलेला हा गेम २०२०च्या टाळेबंदीत घरोघरी पोचला. फोनपेक्षा टॅबवर तो जास्त शोभतो. दहा इंची पडदा सतरंजीवर मधोमध ठेवला की चौघं चारी बाजूंनी बसतात, आणि असं एकाच टॅबवर खेळायला इंटरनेटही लागत नाही. तो टाकायला घेतला की प्ले स्टोअर आधी टॅबची चौकशी करतं: प्रोसेसर कोणता, पडदा केवढा, अँड्रॉइड कितवं, भाषा कोणती. ऑगस्ट २०२१पासून प्ले स्टोअरवर येणारा प्रत्येक नवा गेम कंपनीने सुट्या भागांच्या स्वरूपात द्यायचा असतो. त्यातले तुमच्या टॅबला लागणारे तेवढेच भाग गूगल एकत्र करून पाठवतं. त्यामुळे एकाच गेमचा शेजारच्या फोनवर उतरलेला संच आणि तुमच्या टॅबवरचा संच वेगळा असू शकतो.

हे कळलं की एक जुनं कोडं सुटतं. पूर्वी हॉस्टेलवर किंवा एसटीत शेजारी बसलेल्या मित्राकडून ब्लूटूथने, शेअरइटने अख्खा गेम मिळायचा, कारण तो एपीके नावाच्या एकाच फाइलीत बांधलेला असे. मोठ्या गेमची चित्रं आणि आवाज ओबीबी नावाच्या वेगळ्या फाइलीत असत. ती फाइल नेमक्या फोल्डरात ठेवता येणारा मुलगा गल्लीत हुशार गणला जाई. जून २०२० मध्ये सरकारने ५९ चिनी ॲपवर बंदी घातली, त्यात शेअरइट गेलं. पुढे सुट्या भागांची पद्धत सक्तीची झाली आणि फोनवरून उचललेली फाइल टॅबवर टाकली की 'ॲप इन्स्टॉल झालं नाही' एवढाच रुक्ष निरोप मिळू लागला. टॅब बिघडलेला नसतो, फाइल अर्धीमुर्धी असते.

भाग उतरले की अँड्रॉइड सही तपासतं. फाइलीवर गेम बनवणाऱ्याच्या नावाची एक डिजिटल सही असते. पुढे येणाऱ्या प्रत्येक अपडेटवर तीच सही असावी लागते, नाहीतर टॅब ते अपडेट घेत नाही. मग गेमला जागा मिळते, तीही चाळीतल्या बिऱ्हाडासारखी: प्रत्येकाची खोली वेगळी, कुलूप वेगळं, आणि एका बिऱ्हाडाला दुसऱ्याच्या खोलीत परस्पर शिरता येत नाही. फोटो, माइक, लोकेशन यांच्या किल्ल्या आपण 'परवानगी द्या' दाबून देतो तेव्हाच त्याच्या हाती जातात. २०१५ मध्ये आलेल्या अँड्रॉइड ६पासून ही परवानगी वापराच्या वेळी विचारली जाते. त्याआधी सगळ्या परवानग्यांची यादी गेम टाकतानाच एकदम समोर यायची आणि कोणीही ती वाचत नसे. सहीबद्दल मात्र गैरसमज नको. अपडेट पाठवणारा आधीचाच माणूस आहे, एवढंच ती सांगते. तो माणूस कसा आहे, हे तिला ठाऊक नसतं.

जागेचा हिशेब थोडक्यात. खोक्यावर ३२ जीबी लिहिलेलं असलं तरी ती सगळी जागा आपल्या वाट्याला येत नाही. त्यातला मोठा वाटा अँड्रॉइड आणि कंपनीने आधीच भरलेली ॲप घेतात. शिवाय स्टोअरवर दिसणारा आकार अंतिम नसतो. पबजीचं भारतीय रूप असलेल्या बीजीएमआयसारखा गेम पहिल्यांदा उघडला की नकाशे आणि इतर सामान पुन्हा उतरवायला लागतो. मेमरी कार्ड घालून प्रश्न सुटेल असं दुकानदार सांगतो, पण अनेक टॅबमध्ये कार्डावर फोटो-व्हिडिओ ठेवता येतात, गेम ठेवता येत नाहीत. घेताना निदान ६४ जीबीचा टॅब घ्यावा, असं माझं स्पष्ट मत आहे.

इथवर सगळं स्टोअरच्या दारातून चाललं होतं. अँड्रॉइडला आणखी एक दार आहे. कुठूनही मिळालेली एपीके फाइल उघडायची, सेटिंगमध्ये 'अज्ञात ॲप इन्स्टॉल करा' चालू करायचं, की गेम आत. पूर्वी हा सगळ्या यंत्रासाठी एकच खटका होता. २०१७च्या अँड्रॉइड ८पासून ही मुभा ब्राउझर, फाइल मॅनेजर, व्हॉट्सॲप अशी ज्याला त्याला वेगवेगळी द्यावी लागते. हे दार बेकायदा नाही. पण ते उघडायला आपल्याला शिकवलं कोणी? माझ्या मते चोरट्यांनी नव्हे. प्रतिष्ठित कंपन्यांनी आणि सरकारी आदेशांनी मिळून शिकवलं.

पहिला धडा 'पोकेमॉन गो' या गेमचा. जुलै २०१६ मध्ये तो अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये आला. भारतात तो अधिकृतपणे यायला डिसेंबर उजाडला. तोवर थांबतंय कोण! मुंबई-पुण्यातली पोरं एपीके उतरवून बागांमधून, फुटपाथवरून पोकेमॉन पकडत हिंडत होती. गेम बाहेर पडून तीन दिवसही झाले नव्हते, तेवढ्यात त्याची एक नकली फाइल इंटरनेटवर सापडली. तिच्यात ड्रॉइडजॅक नावाचा हेर दडलेला होता, आणि फोन दुरून ताब्यात घेण्याची सोय त्यात होती. वरून गेम अगदी खऱ्यासारखाच चाले.

मग क्रिकेट. पैसे लावून खेळायचे फँटसी गेम गूगल प्ले स्टोअरवर ठेवू देत नसे. त्यामुळे मुंबईची ड्रीम११ वर्षानुवर्षं आपलं अँड्रॉइड ॲप स्वतःच्या संकेतस्थळावरूनच देत होती. २०२० मध्ये ती आयपीएलची मुख्य प्रायोजक झाली. ज्या ॲपचं नाव टीव्हीवर सामन्यागणिक झळकतं, ते टाकायला मात्र 'अज्ञात'चा खटका दाबावा लागतो, अशी मजा होती. गूगलने सप्टेंबर २०२२ मध्ये फँटसी आणि रमीला प्रायोगिक तत्त्वावर आत घेतलं, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैशांच्या ऑनलाइन खेळांवर बंदीचा कायदाच केला. दरम्यान लाखो लोकांचं बोट त्या खटक्याला सरावलं होतं.

तिसरा धडा बंदीचा. २ सप्टेंबर २०२० रोजी पबजी मोबाइलसह ११८ ॲपवर बंदी आली. जुलै २०२१ मध्ये तोच खेळ बीजीएमआय या नावाने परतला, जुलै २०२२च्या अखेरीस स्टोअरमधून पुन्हा गायब झाला आणि मे २०२३ मध्ये पुन्हा आला. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायर गेला, पण त्याचा भाऊ फ्री फायर मॅक्स राहिला. आज आहे, उद्या नाही, परवा वेगळ्या नावाने आहे, असा हा खेळ पाहत मोठ्या झालेल्या मुलांनी स्टोअरवर विसंबायचं का? ती टेलिग्रामवरून फाइल शोधू लागली. बंदी योग्य होती की अयोग्य हा वाद वेगळा. तिचा हा परिणाम मात्र कोणी फारसा मोजला नाही.

बाहेरून गेम देताना मोठ्या कंपन्यांचंही चुकू शकतं, हे २०१८ मध्ये दिसलं. एपिक कंपनीने प्ले स्टोअरला कमिशन द्यायचं नाही म्हणून फोर्टनाइट अँड्रॉइडवर थेट आणला. आधी एक छोटं ॲप टाकायचं, मग ते खरा गेम उतरवून घेणार. गूगलच्या अभियंत्याच्या लक्षात आलं की गेमची फाइल सगळ्यांना खुल्या असलेल्या जागेत उतरते. यंत्रात आधीपासून असलेलं एखादं लबाड ॲप तिथल्या तिथे फाइल बदलून त्याच नावाने भलतंच काही घुसवू शकत होतं. एपिकने लगेच दुरुस्ती केली. पण नामवंत कंपनीच्या स्वतःच्या फाइलीची ही गत, तर फुकट गेम वाटणाऱ्या निनावी संकेतस्थळाचं काय सांगावं.

याच सवयीवर आज फसवणुकीचा धंदा चालतो. वाहतुकीच्या चलनाची एपीके, लग्नाच्या पत्रिकेची एपीके व्हॉट्सॲपवर येते. बोट सराईतपणे परवानगी देत जातं आणि बँकेचे ओटीपी परस्पर दुसरीकडे पोचतात. गेमच्या बाबतीत आमिष वेगळं असतं: 'मॉड' केलेला गेम, अमर्याद नाणी, सगळे कपडे नि बंदुका फुकट. असा गेम करताना मूळ फाइल फोडून पुन्हा बांधलेली असते, म्हणजे तिच्यावर मूळ कंपनीची सही राहूच शकत नाही. मुलाला हे एवढंच सांगितलं तरी पटतं, कारण ज्याने अमर्याद नाणी घातली त्याने आणखी काय घातलं असेल, हा विचार दहा वर्षांचं पोरही करू शकतं. गेम कुठूनही आलेला असो, तो एसएमएस वाचायची किंवा पडद्यावरचं सगळं वाचू देणारी 'ॲक्सेसिबिलिटी'ची परवानगी मागत असेल तर तिथेच काढून टाकावा. लुडो खेळायला तुमचे मेसेज लागत नाहीत. गूगलनेही २०२४ मध्ये आधी सिंगापूर आणि मग भारतात, बाहेरून येणारी आणि नेमक्या याच परवानग्या मागणारी ॲप आपोआप अडवायला सुरुवात केली. बाहेरच्या ॲपच्या निर्मात्यांनाही ओळख पटवणं सक्तीचं करणार, असं गूगलने ऑगस्ट २०२५ मध्ये जाहीर केलं. सुरुवात भारतापासून नाही, ब्राझील, इंडोनेशिया, सिंगापूर आणि थायलंडपासून.

आयपॅडवाल्यांना हा ताप नाही. तिथे दुसरं दारच नाही. युरोपीय संघाच्या कायद्यामुळे मार्च २०२४ पासून तिथल्या आयफोनवर आणि त्यानंतर आयपॅडवर ॲपलला इतरांची दुकानं चालू द्यावी लागली. आपल्याकडे ॲप स्टोअर हाच रस्ता. आयपॅडचं दुखणं निराळं आहे, ते वयाचं. सप्टेंबर २०१७च्या आयओएस ११पासून ॲपलने जुने ३२-बिट गेम चालवणं बंद केलं, आणि ज्यांच्या कंपन्यांनी नवी आवृत्ती केली नाही ते हजारो गेम एका रात्रीत निरुपयोगी झाले. उलट बाजूने, २०१२चा चौथ्या पिढीचा आयपॅड स्वतःच ३२-बिट असल्याने आयओएस ११वर जाऊच शकला नाही आणि नवे गेम त्याला नाकारू लागले. अँड्रॉइडही याच वाटेने गेलं. अँड्रॉइड १४ तर फार जुन्या आवृत्तीसाठी लिहिलेला गेम बाहेरूनही सहजी टाकू देत नाही. कपाटातला जुना टॅब नातवाला देताना तो चार्ज होतो का यापेक्षा त्यात कितवी आवृत्ती आहे ते पाहावं.

राहिला पैसा. गेम फुकट, आतलं सामान विकत, ही रीत रूढ झाली तेव्हा आयपॅडवर एकदा पासवर्ड टाकला की पंधरा मिनिटं दुकान उघडंच राहायचं. तेवढ्यात मुलं काय काय घेत! अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने हे प्रकरण धसास लावलं. जानेवारी २०१४ मध्ये ॲपलने किमान ३ कोटी २५ लाख डॉलर आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये गूगलने किमान १ कोटी ९० लाख डॉलर पालकांना परत करायचं कबूल केलं. आपल्याकडे सहसा कार्डाला ओटीपी आणि यूपीआयला पिन लागतो, त्यामुळे आपण थोडे सुरक्षित आहोत. पण टॅबमध्ये सिम असेल आणि ओटीपी त्याच पडद्यावर येत असेल, तर तो राखणदार मुलाच्या हातातच असतो.

यावर उपाय टॅबमध्येच असतो आणि तो फारसा कोणी वापरत नाही. एकाच यंत्रावर अनेक वापरकर्ते ही सोय अँड्रॉइडमध्ये २०१२ साली आली ती आधी टॅबसाठी, फोनला ती नंतर मिळाली. सेटिंगमध्ये मुलाचा वेगळा वापरकर्ता केला की आपली मेल, फोटो आणि साठवलेलं कार्ड त्याच्या बाजूला दिसतच नाही. त्यात मुलाचं खातं गूगलच्या फॅमिली लिंकने जोडलं तर प्रत्येक नवा गेम टाकायची विनंती आपल्या फोनवर येते. आयपॅडवर घरगुती वापरासाठी असे वेगळे वापरकर्ते करता येत नाहीत, पण फॅमिली शेअरिंगमध्ये खरेदीआधी विचारण्याची सोय आहे. आणि एवढं करूनही प्ले स्टोअरवर पैसे गेलेच, तर ४८ तासांच्या आत गूगलकडे परताव्याची विनंती करावी. त्यानंतर सहसा गेमच्या कंपनीलाच गाठावं लागतं.