वाचाघात : घरच्यांनी जाणून घ्यावे असे काही

बाळाचा पहिला शब्द ऐकून घर कसे उजळते, हे बालरोगतज्ज्ञ म्हणून मी नेहमी पाहतो. बोलती वाचा अकस्मात लोपण्याचे दुःख मात्र थोरल्या काकांच्या आजारपणात प्रथम जवळून पाहिले. पक्षाघाताने त्यांचा उजवा हात लुळा पडला आणि बडोद्यात आयुष्यभर वकिली केलेल्या काकांपाशी 'हो' व 'नको' एवढेच शब्द उरले. तेही कित्येकदा उलटसुलट.

बहुतेकांच्या मेंदूत भाषाकेंद्रे डाव्या बाजूस असतात. त्यांना इजा झाली की वाचाघात होतो. १८६१ साली पॉल ब्रोका यांनी वर्णिलेल्या रुग्णास बोललेले बरेचसे कळे, पण 'तां' याखेरीज फारसा उच्चार साधत नसे. १८७४ मध्ये कार्ल वेर्निके यांनी दुसरा प्रकार दाखविला : बोलणे अस्खलित, पण अर्थहीन, आणि इतरांचे बोलणेही नीट उमगत नाही. मात्र वाचा गेली म्हणजे बुद्धी गेली, असे नव्हे. स्वीडिश कवी टोमास ट्रान्सट्रोमर यांची वाचा १९९० साली पक्षाघाताने हरपली. त्यानंतरही त्यांचे काव्यसंग्रह प्रसिद्ध झाले आणि २०११ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले.

हे ठाऊक असूनही मी काकांशी बालरुग्णांशी बोलावे तसा मोठ्याने, लाडीगोडीने बोलत असे. एके दिवशी त्यांनी डाव्या हाताने माझा हात दूर सारला, तेव्हा चूक उमगली.

आरतीच्या वेळी त्यांच्या ओठी शब्द येत. "मग एरवी का बोलत नाहीत?" असे घरातले विचारीत. पाठ झालेली, सुरात म्हटलेली वाणी मेंदूत काहीशी निराळ्या वाटेने येते. त्यात हट्ट वा ढोंग नसते.

अशा रुग्णाशी बोलताना दूरदर्शन संच बंद ठेवावा. वाक्ये लहान असावीत, एका वेळी एकच प्रश्न विचारावा. वस्तू वा चित्र दाखवावे आणि उत्तरासाठी थांबावे. त्याचे वाक्य आपण घाईने पुरे करू नये. आपल्या घरांत मराठी आणि बाहेर गुजराती चालते. दोन्ही भाषा सारख्याच परततील असे नाही. म्हणून वाचोपचारतज्ज्ञास दोन्ही भाषा सांगाव्यात. सुधारणा पहिल्या काही महिन्यांत वेगाने होते, पुढेही वर्षानुवर्षे होऊ शकते. उदासीनता दिसल्यास तिच्यावरही उपचार करावेत.

आणि वाचा अचानक अडखळली, तर क्षणही न दवडता रुग्णालय गाठावे. गुठळी विरघळविणारे औषध साधारणतः पहिल्या साडेचार तासांतच देता येते.

त्या दिवसानंतर मी काकांना रोज वर्तमानपत्र वाचून दाखवू लागलो व त्यांचे मत विचारू लागलो. ते मान हलवीत, क्वचित कपाळाला आठी घालीत. वकिलाचे मत मला पुरेसे कळत असे.