मिक ओड्वायर : मैदानात आणि मैदानाकाठी

आयर्लंडमध्ये गेलिक फुटबॉल हा खेळ अतिशय लोकप्रिय आहे. आपल्या परिचयाच्या फुटबॉलशी त्याचे काहीसे साम्य असले, तरी यात चेंडू हातात धरता येतो. मात्र तो धरून चारपेक्षा अधिक पावले टाकता येत नाहीत. त्याआधी चेंडू जमिनीवर आपटावा लागतो किंवा पायाने उडवून पुन्हा हातात घ्यावा लागतो. प्रत्येक संघात पंधरा खेळाडू असतात. ज्या काळाची ही हकिगत आहे, त्या काळी चेंडू जाळ्यात गेला तर तीन गुण आणि आडव्या दांडीवरून दोन खांबांमधून गेला तर एक गुण मिळत असे.

१८८४ साली स्थापन झालेली गेलिक ॲथलेटिक असोसिएशन या खेळाचे नियमन करते. खेळाडूंना वेतन मिळत नाही. दिवसभर आपापला व्यवसाय करून ते संध्याकाळी सरावाला येतात. खेळाडू सामान्यतः आपल्या जन्माच्या किंवा वास्तव्याच्या परगण्याकडून खेळतो. त्यामुळे परगण्याचा संघ म्हणजे तेथील लोकांच्या दृष्टीने त्यांचेच प्रतिरूप. संघाच्या व्यवस्थापकावर मात्र असे बंधन नाही. या फरकाचा अर्थ मिक ओड्वायर यांच्या जीवनक्रमातून उत्तम रीतीने उलगडतो.

ओड्वायर यांचा जन्म १९३६ साली केरी परगण्यातील वॉटरव्हिल या समुद्रकाठच्या गावी झाला. पोटापाण्यासाठी त्यांनी मोटारदुरुस्तीचा व पुढे हॉटेलचा व्यवसाय केला. १९५७ मध्ये ते केरीच्या प्रमुख संघात आले आणि १९५९ व १९६२ च्या अखिल आयर्लंड विजेतेपदांत त्यांचा वाटा होता. त्यानंतर दोन्ही पायांची हाडे मोडल्याने त्यांची कारकीर्द संपल्यासारखीच झाली. १९६६ मध्ये त्यांनी निवृत्ती पत्करली. परंतु दोनच वर्षांत ते परतले. पूर्वी बचावफळीत खेळणारे ओड्वायर आता आघाडीवर खेळू लागले. १९६९ व १९७० मध्ये केरीने पुन्हा विजेतेपद मिळविले, तेव्हा संघाची बरीचशी भिस्त त्यांच्यावरच होती.

१९७५ च्या मोसमासाठी त्यांनी केरीच्या व्यवस्थापकपदाची धुरा स्वीकारली. या खेळातील व्यवस्थापक हाच मुख्य प्रशिक्षक असतो आणि संघाच्या निवडीतही त्याचाच शब्द महत्त्वाचा ठरतो. आदल्या वर्षी डब्लिनचे केव्हिन हेफरनन यांनी कठोर शारीरिक तयारीच्या बळावर आपल्या संघाला विजेतेपद मिळवून दिले होते. हेफरनन हेही पूर्वाश्रमीचे नामवंत खेळाडू. ओड्वायर यांनी हीच वाट धरली. बहुतेक पंचविशीच्या आतील तरुणांना निवडून किलार्नीच्या मैदानावर त्यांच्याकडून कसून धावण्याचा सराव करून घेतला. त्याच वर्षी अंतिम सामन्यात केरीने डब्लिनला १८ विरुद्ध ११ गुणांनी हरविले.

यश एकदम स्थिरावले नाही. १९७६ आणि १९७७ मध्ये डब्लिनने केरीला नमविले. पण १९७८ च्या अंतिम सामन्यात केरीने २६ विरुद्ध ९ गुणांनी त्याची पुरेपूर भरपाई केली, आणि १९८१ पर्यंत सलग चार वेळा विजेतेपद स्वतःकडे राखले.

सलग पाच वेळा अखिल आयर्लंड विजेतेपद तोवर कोणत्याही परगण्याला फुटबॉलमध्ये मिळाले नव्हते. १९८२ च्या अंतिम सामन्यात केरीसमोर ऑफली परगण्याचा संघ होता. विजयाची गाणी आधीच तयार झाली होती. सामना संपण्यास जेमतेम दोन मिनिटे उरली असता केरी दोन गुणांनी पुढे होता. अशा वेळी ऑफलीचा बदली खेळाडू सीमस डार्बी याने गोल केला आणि केरीचा १८ विरुद्ध १७ असा पराभव झाला. डार्बीने केरीच्या बचावपटूला पाठीमागून ढकलले की काय, हा वाद पुढे दीर्घकाळ चालू राहिला. पुढच्याच वर्षी मन्स्टर प्रांताच्या अंतिम सामन्यात कॉर्कनेही केरीला अखेरच्या क्षणी हरविले.

त्या संघाचे दिवस संपले, असे तेव्हा अनेकांना वाटले. ओड्वायर यांनी मात्र बरेचसे तेच खेळाडू घेऊन १९८४, १९८५ आणि १९८६ अशी सलग तीन विजेतेपदे मिळविली. १९८९ मध्ये ते पायउतार झाले, तेव्हा त्यांच्या व्यवस्थापनाखालील अखिल आयर्लंड विजयांची संख्या आठ झाली होती. सलग पाच विजयांचा पराक्रम डब्लिनने २०१९ मध्ये केला.

यानंतर ओड्वायर किल्डेअर परगण्याकडे गेले. १९९८ मध्ये किल्डेअरने लेन्स्टर प्रांताचे विजेतेपद १९५६ नंतर प्रथमच जिंकले. उपांत्य फेरीत गाठ पडली ती केरीशीच. केरीचे व्यवस्थापक होते ओड्वायर यांच्या हाताखाली घडलेले पॉदी ओ शे. तर किल्डेअरकडून खेळत होता ओड्वायर यांचा मुलगा कार्ल. किल्डेअरने अवघ्या एका गुणाने बाजी मारली. ज्या परगण्यासाठी आयुष्य वेचले, त्याच्याच पराभवाची आखणी ओड्वायर यांना करावी लागली. अंतिम सामन्यात मात्र किल्डेअर गॉलवेकडून हरला.

२००३ मध्ये त्यांच्या व्यवस्थापनाखाली लीश परगण्याने १९४६ नंतर प्रथमच लेन्स्टरचे विजेतेपद पटकावले. या वेळी अंतिम सामन्यात हरला तो किल्डेअरच. पुढे त्यांनी विकलो व क्लेअर या परगण्यांचीही धुरा वाहिली. २०२५ च्या एप्रिलमध्ये त्यांचे निधन झाले.

केरीमध्ये त्यांना गुणी खेळाडूंची परंपरा आयती लाभली होती, असे म्हणता येईल. किल्डेअर व लीश येथे मात्र पन्नासएक वर्षांची निराशाच वाट्याला आली होती. तेथील तरुणांना त्यांनी आपणही जिंकू शकतो, हा विश्वास दिला. परगण्याशी असलेली निष्ठा खेळाडूला मैदानात उतरवते. पण ती निष्ठा फलद्रूप कशी करावी हे शिकविणारा माणूस बाहेरचाही असू शकतो, हे त्यांच्या या उत्तरायुष्याने दाखवून दिले.