परभणीचा रुग्ण आणि लातूरचे रुग्णालय

परभणी जिल्ह्यातील एखाद्या खेड्यात कोणी गंभीर आजारी पडले, की घरात पहिली चर्चा रोगाची होत नाही, गावाची होते. नांदेडला न्यावे, छत्रपती संभाजीनगर गाठावे, की लातूर? ही चर्चा चालू असतानाच ओसरीवर दुसरी, दबक्या आवाजातली चर्चा सुरू झालेली असते. कापूस विकायचा, बैल विकायचे, की सावकाराचे दार ठोठवायचे? आजार हंगामाची वाट पाहत नाही, आणि गरजू विक्रेत्याला बाजार कधीही योग्य भाव देत नाही. त्यामुळे रुग्णालयाच्या बिलाचा पहिला हप्ता रुग्णालयाच्या दारात पाऊल पडण्यापूर्वीच, पडत्या भावाच्या रूपाने, भरला गेलेला असतो.

या परिस्थितीची मुळे जुनी आहेत. मराठवाडा 1948 पर्यंत निजामी राजवटीत होता. विभागातले पहिले शासकीय वैद्यकीय महाविद्यालय 1956 साली औरंगाबादला निघाले. त्यानंतर अंबाजोगाईला 1974 साली, नांदेडला 1988 साली आणि लातूरला 2002 साली अशी महाविद्यालये झाली. परभणीला 1972 साली कृषी विद्यापीठ मिळाले. परंतु वैद्यकीय महाविद्यालयासाठी या जिल्ह्याला 2023 पर्यंत ताटकळावे लागले. शासनाने मोकळ्या ठेवलेल्या या जागेत खासगी दवाखाने वाढले. ते वाढले याबद्दल खंत करण्याचे कारण नाही. ते कोणत्या पद्धतीने वाढले, हा मात्र विचार करण्याजोगा प्रश्न आहे.

खासगी रुग्णालय म्हटले, की मालकीचे आणि नफ्याचे, अशी एक समजूत रूढ झाली आहे. इतिहास तिला दुजोरा देत नाही. विल्यम वानलेस यांनी मिरजेत 1894 साली उघडलेले मिशनचे रुग्णालय सरकारी नव्हते, आणि नफ्यासाठीही नव्हते. एका लहान संस्थानी गावाला वैद्यकीय सेवेचे मोठे केंद्र बनविण्यात त्याचा वाटा फार मोठा आहे. पण मराठवाड्याच्या माणसाने मिरजेपर्यंत जाण्याची गरज नाही. लातूर अधिक जवळ आहे.

लातूर 1966 साली उस्मानाबाद जिल्ह्यातले एक तालुक्याचे गाव होते. धान्याची मोठी बाजारपेठ हीच त्याची ओळख. स्वतंत्र जिल्हा होण्यास आणखी सोळा वर्षे अवकाश होता. पुण्याहून आगगाडीने यायचे, तर कुर्डुवाडीला उतरून बार्शी लाइनच्या छोट्या, रमतगमत चालणाऱ्या गाडीत बसावे लागे. अशा गावी डॉ. अशोक कुकडे, त्यांच्या पत्नी डॉ. ज्योत्स्ना कुकडे आणि त्यांचे काही डॉक्टर सहकारी येऊन राहिले, आणि विवेकानंद रुग्णालयाचा प्रारंभ झाला. पुण्यात शिकलेल्या शल्यचिकित्सकाला पुण्यातच व्यवसाय थाटण्याचा सोपा मार्ग मोकळा होता. राष्ट्रीय स्वयंसेवक संघाच्या विचाराची प्रेरणा या मंडळींच्या निर्णयामागे होती. त्या विचाराशी कोणी सहमत असो वा नसो, रुग्णालयाच्या अर्थव्यवहाराकडे स्वतंत्रपणे पाहता येते, आणि पाहिलेही पाहिजे.

या अर्थव्यवहाराचे मर्म असे, की रुग्णालय न्यासाचे आहे. कोणा एकाचे नव्हे. वर्षअखेर शिल्लक उरली, तर ती वाटून घेणारा भागधारक तेथे नसतो. ती नव्या खाटांत, नव्या यंत्रात किंवा दुसऱ्या एखाद्या विभागातच जाऊ शकते. सामान्य शल्यक्रियेपासून कर्करोगाच्या उपचारांपर्यंत लातूरच्या या संस्थेचा जो विस्तार झाला, तो या मार्गाने. दिनांक 30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला आणि हजारो माणसे ढिगाऱ्याखाली गाडली गेली, तेव्हा जिल्ह्याच्या ठिकाणी सत्तावीस वर्षांचा अनुभव असलेले एक रुग्णालय उभे होते. अशी क्षमता संकटाच्या दिवशी विकत घेता येत नाही. डॉ. कुकडे यांना 2019 साली पद्मभूषण मिळाले. पण खरी नोंद घ्यायची ती या सत्तावीस वर्षांच्या पूर्वतयारीची.

आता दुसरा मार्ग पाहावा. कोणत्याही जिल्ह्याच्या गावी तो दिसतो. खाली दवाखाना, वर डॉक्टरांचे बिऱ्हाड, अशी सुरुवात होते. मग शेजारचा भूखंड, बँकेचे कर्ज, कर्जावर आणलेले यंत्र. यंत्राचा हप्ता रुग्ण आले तरी द्यायचा असतो आणि न आले तरी द्यायचाच असतो. ज्या व्यवसायात स्थिर खर्च मोठा असतो, तेथे खाट रिकामी राहणे म्हणजे तोटा. आणि खाट भरलेली ठेवण्याची ओढ डॉक्टर सज्जन असला तरी लागतेच. यातूनच रुग्ण पाठविणाऱ्याला हिस्सा देण्याची प्रथा बोकाळते. हा दोष केवळ व्यक्तीच्या लोभाचा मानला, तर निदान चुकेल. केनेथ अ‍ॅरो या अर्थशास्त्रज्ञाने 1963 साली एका प्रसिद्ध लेखात दाखवून दिले, की वैद्यकीय सेवेचा बाजार इतर बाजारांसारखा चालत नाही. किती माल घ्यावा, हे येथे विकणाराच ठरवितो, आणि घेणाऱ्याला मालाची पारख नसते. कापसाची प्रत हाताने चाचपून सांगणारा शेतकरी डॉक्टरांच्या कागदापुढे निरुत्तर होतो तो यामुळेच.

अर्थात न्यास म्हणजे आपोआप पुण्यकर्म, असेही नव्हे. पाटीवर धर्मादाय शब्द आणि दर पंचतारांकित, अशी रुग्णालये महानगरांत पुष्कळ झाली, म्हणूनच 1985 साली मुंबई सार्वजनिक न्यास कायद्यात 41 अअ हे कलम घालावे लागले. धर्मादाय रुग्णालयांनी दहा टक्के खाटा निर्धनांसाठी विनामूल्य आणि दहा टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीने राखाव्यात, असे ठरले. मुंबई उच्च न्यायालयाने 2006 साली मान्य केलेल्या योजनेनुसार एकूण बिलाच्या दोन टक्के रक्कम निर्धन रुग्णांच्या निधीत जमा करावयाची असते. मात्र आपल्याला हा हक्क आहे, हे किती रुग्णांना ठाऊक असते? शिक्षक, कारकून, विद्यार्थी अशा लिहित्या-वाचत्या वर्गालाही ते बहुधा माहीत नसते. मग जिंतूर-पालमच्या शेतमजुराने ते कोठून जाणावे?

शासनाने काहीच केले नाही, असे म्हणणे अन्यायाचे होईल. जीवनदायी योजना 2012 साली आठ जिल्ह्यांत व पुढच्या वर्षी राज्यभर आली. 2017 पासून ती महात्मा फुले यांच्या नावाने ओळखली जाते. राष्ट्रीय आरोग्य लेख्यांनुसार देशाच्या एकूण आरोग्यखर्चातील लोकांच्या खिशातून जाणारा वाटा 2013-14 मध्ये 64.2 टक्के होता, तो 2021-22 मध्ये 39.4 टक्क्यांवर आला. ही घट लहान नव्हे. पण रुग्णासोबत आठवडाभर व्हरांड्यात झोपणाऱ्या भावाची बुडालेली मजुरी या लेख्यांच्या कोणत्याही रकान्यात बसत नाही. रुग्णालय जितके दूर, तितका हा न लिहिलेला खर्च मोठा. परभणीच्या दृष्टीने खरा मुद्दा तोच आहे.

मराठवाड्यात स्थानिक भांडवल नाही, असे नेहमी सांगितले जाते. तेही पूर्ण खरे नाही. याच विभागातील व्यापारी, बागाईतदार व पुढारी यांनी गेल्या पन्नास वर्षांत शाळा-महाविद्यालयांच्या कितीतरी इमारती उभ्या केल्या. त्यात विद्याप्रेम होते, आणि शुल्काचा व प्रतिष्ठेचा हिशेबही होता. त्या मानाने न्यासाच्या रुग्णालयांकडे हे भांडवल फारसे वळलेले दिसत नाही. रुग्णालयातून आमदारकीचा रस्ता निघत नाही, असा तर यामागचा विचार नसेल?

परभणीच्या शासकीय महाविद्यालयात 2023 साली दाखल झालेली पहिली तुकडी साडेचार वर्षांचा अभ्यासक्रम आणि वर्षाची आंतरवासिता संपवून 2029 च्या सुमारास बाहेर पडेल. त्या तरुण डॉक्टरांपुढे आज दोनच वाटा आहेत : महानगरातली नोकरी किंवा कर्ज काढून थाटलेला स्वतःचा दवाखाना. तिसरी वाट, म्हणजे जिल्ह्यातच पगारावर काम देणारे, हिशेब उघडे ठेवणारे न्यासाचे मोठे रुग्णालय, उभी करायची झाल्यास त्यासाठी जागा, निधी आणि विश्वस्त आतापासून शोधावे लागतील.