एकच गिऱ्हाईक, एकच दुकानदार: चीन मोठा झाला, शेजाऱ्यांचं काय झालं?

२०२५ च्या पावसाळ्याच्या तोंडावर ठिबकमधून सोडायच्या विद्राव्य खतांचा विषय अचानक चर्चेत आला. चीनमधून भारतात येणारा या खतांचा माल अडला होता. द्राक्ष, डाळिंब, टोमॅटो घेणाऱ्या शेतकऱ्याला १९:१९:१९ ची बॅग नवी नाही. पण अशा खतांची भारताची सुमारे ८० टक्के आयात चीनमधून होते, हे अनेकांना तेव्हाच कळलं. चीनने खतं विकणार नाही अशी जाहीर बंदी घातली नव्हती. नुसती तपासणी लांबवली, तेवढ्यानंच गाडी थांबली.

असा अनुभव एकट्या भारताचा नाही. चीनच्या भोवतालच्या बहुतेक देशांना गेल्या वीस वर्षांत तो आला आहे. कुणाला माल विकताना, कुणाला कर्ज घेताना.

चीन एवढा मोठा झाला कसा?

सुरुवात शेतातूनच झाली. १९७८ च्या शेवटी अनहुई प्रांतातल्या शियाओगांग या गरीब गावात १८ शेतकऱ्यांनी गुपचूप एक कागद केला. तेव्हा शेती सामुदायिक होती, कितीही राबलं तरी वाटा ठरलेला. या शेतकऱ्यांनी जमीन घराघरांत वाटून घेतली. सरकारचा हिस्सा द्यायचा, उरलेलं आपलं. कुणाला तुरुंगात जावं लागलं तर त्याची पोरं बाकीच्यांनी सांभाळायची, हेही ठरलं. पुढच्या वर्षी पीक कितीतरी जास्त आलं. तेव्हाचे नेते डंग शियाओपिंग यांनी ही पद्धत पुढे देशभर चालू दिली.

मग १९८० पासून शेन्झेनसारख्या ठिकाणी परदेशी कारखान्यांना दारं उघडली. गावाकडची कोट्यवधी माणसं कारखान्यांत गेली. डिसेंबर २००१ मध्ये चीन जागतिक व्यापार संघटनेत आला आणि त्याचा माल जगभर जाऊ लागला. २०१० मध्ये जपानला मागे टाकून तो जगातली दुसऱ्या क्रमांकाची अर्थव्यवस्था झाला. २०१३ मध्ये अध्यक्ष शी जिनपिंग यांनी 'बेल्ट अँड रोड' योजना जाहीर केली. दुसऱ्या देशांत रस्ते, रेल्वे, बंदरं बांधायची आणि त्यासाठी कर्जही चिनी बँकांनी द्यायचं, असा तिचा साधा अर्थ.

व्हिएतनाम: कॉफी उपटली, ड्युरियन लावलं

ड्युरियन हे फणसासारखं काटेरी, उग्र वासाचं फळ. चिनी लोकांना त्याचं भारी वेड लागलं आहे. जगात निर्यात होणाऱ्या ड्युरियनपैकी ९० टक्क्यांहून जास्त एकटा चीन घेतो. २०२३ मध्ये त्याने सुमारे १४ लाख टन ताजं ड्युरियन मागवलं.

२०२२ मध्ये चीनने व्हिएतनामच्या ताज्या ड्युरियनला रीतसर परवानगी दिली आणि भाव चढले. डाक लाक प्रांतात शेतकऱ्यांनी कॉफीची झाडं काढून ड्युरियन लावलं. २०३० पर्यंत जेवढं क्षेत्र असावं असं सरकारने ठरवलं होतं, त्याच्या दुपटीवर लागवड आधीच गेली. २०२४ मध्ये निर्यात ३ अब्ज डॉलरच्या वर पोचली. अनेकांची पक्की घरं झाली, कर्जं फिटली. हा फायदा खराच आहे.

पण जानेवारी २०२५ मध्ये चीनने तपासणी कडक केली. थायलंडच्या काही मालात साल पिवळी दिसावी म्हणून लावलेला घातक रंग सापडला होता. शिवाय व्हिएतनामच्या मालात कॅडमियम या जड धातूचाही प्रश्न होता. प्रत्येक खेपेला प्रयोगशाळेचा दाखला लागू लागला. माल सीमेवर रखडला. वर्षाच्या पहिल्या तीन महिन्यांत व्हिएतनामची ड्युरियन निर्यात आदल्या वर्षाच्या निम्म्याहूनही खाली आली.

चीनची तपासणी चूक होती असं नाही, खाणाऱ्याच्या तब्येतीचा प्रश्न होता. अडचण वेगळी होती. एवढा माल घेणारं दुसरं गिऱ्हाईकच नव्हतं. झाड लावल्यावर फळ धरायला चार-पाच वर्षं जातात, बाजार मात्र एका आदेशानं बंद होतो. पुढे प्रयोगशाळा वाढल्या, बागांची नोंदणी झाली आणि निर्यात सावरली.

लाओस: रेल्वे आली, कर्जही आलं

पाऊण कोटी लोकसंख्येच्या या देशाला समुद्र नाही. रेल्वे होती ती थायलंडच्या सीमेजवळ जेमतेम साडेतीन किलोमीटर. डिसेंबर २०२१ मध्ये राजधानी व्हिएन्तियानपासून चीनच्या सीमेपर्यंत चारशेहून जास्त किलोमीटरची रेल्वे सुरू झाली. डोंगरातून रस्त्याने जिथे दिवस मोडायचा, तिथे माणूस काही तासांत पोचू लागला. थायलंडची फळंही याच गाडीने चीनला जातात.

या रेल्वेचा खर्च सुमारे ६ अब्ज डॉलर, आणि त्यातला मोठा भाग चिनी कर्जाचा. आधी घेतलेली धरणांची, विजेची कर्जं होतीच. लाओसच्या परदेशी कर्जापैकी जवळपास निम्मं चीनचं आहे. डॉलरमध्ये हप्ते फेडताना देशाचं चलन निम्म्याहून जास्त घसरलं आणि २०२३ च्या सुरुवातीला महागाई ४० टक्क्यांवर गेली. रेल्वेत कधी न बसलेल्या माणसालाही तेल आणि खत महागात घ्यावं लागलं.

श्रीलंका: व्हॉट्सअॅपवर फिरतं ते पूर्ण खरं नाही

'कर्ज थकलं म्हणून चीनने हंबनटोटा बंदर जप्त केलं,' असा मेसेज वारंवार येतो. प्रत्यक्षात २०१७ मध्ये श्रीलंकेने हे बंदर ९९ वर्षांच्या कराराने एका चिनी कंपनीला दिलं आणि १.१२ अब्ज डॉलर घेतले. बंदराचं कर्ज त्यातून माफ झालं नाही. तो पैसा परकीय चलनाची तूट भरायला वापरला. २०२२ मध्ये देश दिवाळखोरीत गेला, तेव्हा सगळ्यात मोठी देणी खुल्या बाजारातून काढलेल्या कर्जरोख्यांची होती. चिनी कर्जाने ओझं वाढवलं, पण करकपात, पर्यटन बंद पडणं आणि रासायनिक खतांवर एका रात्रीत आणलेली बंदी ही घरचीच कारणं होती.

मग भारताचं काय?

२०२४-२५ मध्ये भारताने चीनकडून ११३ अब्ज डॉलरचा माल घेतला, विकला मात्र १४ अब्जांचा. डीएपीचंही तसंच. २०२३-२४ मध्ये चीनमधून २० लाख टनांहून जास्त डीएपी आलं, पुढच्या वर्षी ते ९ लाख टनांच्याही खाली गेलं. चीनने आपल्या शेतकऱ्याला खत कमी पडू नये म्हणून निर्यात आवळली होती.

गावात एकाच व्यापाऱ्याला माल घालणारा आणि त्याच्याकडूनच उचल घेणारा शेतकरी भाव ठरवू शकत नाही, हे कुणाला सांगायला नको. देशांचंही तसंच आहे. चीनशी व्यवहार तोडणं कुठल्याच शेजाऱ्याला परवडणारं नाही. व्हिएतनाम आता प्रयोगशाळा वाढवतोय, भारत खतासाठी सौदी अरेबिया आणि मोरोक्कोकडून जास्त माल घेतोय. दुसरं दुकान आणि दुसरं गिऱ्हाईक शोधायला वेळ लागतो, म्हणून ते अडचण यायच्या आधीच शोधावं लागतं.