काळाचा स्वामी आणि त्याची मर्यादा : ‘मोमो’ कादंबरीतील मायस्टर होरा

अद्भुतकथेत एखादा जादूगार येतो तेव्हा त्याला काय करता येते, हे सामान्य वाचक प्रथम पाहतो. अभ्यासकाने मात्र त्याला काय करता येत नाही, हे आधी पाहावे. कथेतील संघर्ष बहुधा तेथूनच निर्माण होतो. काळावर सत्ता असणाऱ्या व्यक्तिरेखेच्या बाबतीत हे विशेष खरे आहे. कारण घडलेली प्रत्येक गोष्ट जर पुसता आली, तर कथेला कथा म्हणून काही उरतच नाही. या दृष्टीने जर्मन लेखक मिखाएल एंडे (१९२९–१९९५) यांच्या १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या ‘मोमो’ या कादंबरीतील मायस्टर होरा या व्यक्तिरेखेचा आपण विचार करू.

त्याचे पूर्ण नाव सेकुंडुस मिनुटियुस होरा. सेकंद, मिनिट आणि तास अशी ही सरळसरळ कालवाचक नावे आहेत. ‘होरा’ हा शब्द मराठी वाचकाला परका वाटणार नाही. आपल्या ज्योतिषातील ‘होरा’ आणि लॅटिनमधील ‘होरा’ हे दोन्ही शब्द मूळ ग्रीक शब्दावरून आले आहेत. (वराहमिहिराने ‘अहोरात्र’ या शब्दातील आद्य व अंत्य अक्षरे गाळून ‘होरा’ सिद्ध केल्याचे मत नोंदविले आहे. ते व्युत्पत्ती म्हणून टिकत नसले, तरी मोठे रम्य आहे.)

हा होरा ‘कधीच नाही’ नावाच्या गल्लीत, ‘कुठेच नाही’ या घरात राहतो. तेथे पोहोचण्याचे नियम पाहण्यासारखे आहेत. अलीकडच्या शुभ्र वस्तीत जितके सावकाश चालावे तितके अंतर लवकर कापले जाते. पुढे गल्लीत काळ उलटा वाहतो, म्हणून पाठमोरे चालावे लागते. अनाथ मुलगी मोमो कासिओपेया या कासवीच्या मागोमाग तेथे जाते. कासवीला भविष्यातील केवळ अर्धा तास दिसतो. एंडे यांची जादू अशी मोजूनमापून दिलेली असते.

प्रत्येक माणसाचा काळ त्याला पोहोचता करणे, हे होराचे काम. मोमोला तो एका सुवर्णघुमटाखाली नेतो. तेथे लंबकाच्या प्रत्येक झोक्यासरशी काळ्या पाण्यातून एक फूल उमलते व कोमेजते, आणि नवे फूल आधीच्याहून सुंदर असते. आपण स्वतःच्याच हृदयात जाऊन आलो, हे तिला नंतर कळते. परंतु लोकांचा काळ चोरीला जात असताना तुम्ही तो का थांबवीत नाही, या तिच्या प्रश्नावर होराचे उत्तर नकाराचे आहे. तो काळ वाटू शकतो; वाटलेल्या काळाचे काय करायचे हे ज्याचे त्याने ठरवायचे आणि त्याचे रक्षणही त्यानेच करायचे.

आता या चोरीचे स्वरूप पाहू. राखाडी कपड्यांतील गृहस्थ ‘कालबचत पेढी’चे प्रतिनिधी म्हणून हिंडतात. त्यांपैकी एक जण फुजी नावाच्या न्हाव्याच्या दुकानात येऊन आरशावर हिशेब मांडतो. फुजीचे वय ४२ वर्षे, म्हणजे १,३२,४५,१२,००० सेकंद. त्यातून झोप वजा, काम वजा, बहिऱ्या आईजवळ रोज बसण्याचा एक तास म्हणजे ५,५१,८८,००० सेकंद वजा, पोपटाची पाव तासाची देखभाल वजा, दारिया नावाच्या स्त्रीला रोज फूल नेऊन देण्याचा अर्धा तास वजा. शेवटी बाकी शून्य. आपण स्वतः आकडेमोड करून पाहा. गुणाकारात एकही चूक सापडणार नाही. लबाडी अन्यत्र आहे. प्रत्येक नोंद पूर्ण ४२ वर्षांनी गुणलेली आहे, जणू फुजी पाळण्यात असल्यापासून गिऱ्हाइकांची दाढी करीत होता! आणि आईजवळचा तास ‘गमावला’ या सदरात टाकायचा, हे तर गणिताने ठरलेलेच नाही. ते पाहुण्याने ठरविले आणि फुजीने मुकाट्याने मान्य केले. पुढे आई वृद्धाश्रमात जाते, पोपट विकला जातो, दारियाला वेळ नसल्याचे पत्र जाते. नोकरी आणि घर सांभाळून, रात्री उशिरा ही पुस्तिका उघडणाऱ्या आपल्यासारख्या वाचकाला हा हिशेब अपरिचित वाटणार नाही.

कथेच्या उत्तरार्धात हे राखाडी गृहस्थ होराच्या घराला वेढा घालतात. चोरलेल्या कालपुष्पांच्या पाकळ्यांच्या चिरुटांवरच ते जगतात, आणि त्यांचा धूर होरा पाठवीत असलेल्या काळात विष कालवू लागतो. होराकडे एकच उपाय उरतो. तो झोपी गेला की सर्व काळ थांबेल व चोरांना नवी रसद मिळणार नाही. त्याची सर्वांत मोठी जादू म्हणजे स्वतःचे काम थांबविणे. आणि ती चालू असताना तो झोपलेला असल्यामुळे तिचा उपयोग त्याला करता येत नाही. तो मोमोला करावा लागतो, तोही एका फुलाच्या, म्हणजे एका तासाच्या अवधीत. लेखकाने घातलेली मर्यादा येथे फळास येते. होरा सर्वशक्तिमान असता, तर मोमोची गरजच उरली नसती.

भागवतातील ककुद्मी राजाची कथा आपणांस आठवत असेल. रेवतीसाठी वर विचारायला तो ब्रह्मलोकी जातो, गंधर्वांचे गायन संपेपर्यंत थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटतात. मोमोचेही असेच होते; होराच्या घरून ती परतते तेव्हा बाहेर वर्ष सरलेले असते व मित्र दुरावलेले असतात. ब्रह्मदेव काय किंवा होरा काय, गेलेला काळ परत देत नाहीत. मात्र ककुद्मीच्या मनातील वरांची नावेसुद्धा लोपलेली असतात आणि ब्रह्मदेव त्याला बलरामाचे नाव सुचवतो. मोमोला नवे कोणी नको आहे, तिला जुनेच मित्र हवे आहेत. पुराणकथा आणि आधुनिक अद्भुतकथा यांतील भेद या ठिकाणी तपासण्यासारखा आहे.

कादंबरीच्या छोट्या उपसंहारात निवेदक सांगतो की, ही कथा त्याला रात्रीच्या आगगाडीत एका सहप्रवाशाने सांगितली. ती घडून गेल्यासारखी सांगितली असली, तरी पुढे घडणार असल्यासारखीही सांगता आली असती, असे त्या प्रवाशाचे म्हणणे होते.

स्वाध्याय : आपल्या परिचयाच्या एखाद्या मराठी लोककथेतील काळविषयक चमत्कार निवडा. तो कोणत्या नियमाने बांधलेला आहे आणि तो नियम काढून टाकल्यास कथेतील कोणता प्रसंग घडणारच नाही, ते दोनशे शब्दांत लिहा.