शिंजुकूचा रस्सा

संध्याकाळी सहाच्या सुमारास टोकियोतल्या शिंजुकू स्टेशनच्या पूर्व दरवाजाबाहेर पाच-दहा जणांचे घोळके जमू लागतात. मधोमध फलक धरलेला गाईड, भोवती भुकेले परदेशी पाहुणे. रोज ३० लाखांहून जास्त माणसं या स्टेशनातून ये-जा करतात, तेव्हा एकमेकांना सोडू नका ही गाईडची पहिली सूचना. दुसरी पैशांची. इझाकायात, म्हणजे पिणं आणि खाणं एकत्र चालतं अशा ठिकाणी, बसल्याबसल्या न मागता एक छोटी वाटी पुढ्यात येते. तिला ओतोशी म्हणतात आणि तिचे पैसे बिलात लागतात. ते जागेचं भाडं समजायचं, वाद घालायचा नाही. तिसरी सूचना शाकाहारी मंडळींसाठी. मासा दिसला नाही म्हणजे तो नाही, असं समजू नये. शिजवलेली भाजी, टोफू, नूडल्सचं सार, बहुतेक सगळ्याच्या बुडाशी दाशी असते, आणि दाशीत सहसा वाळवलेल्या बोनिटो माशाचा कीस उकळलेला असतो.

खाण्यासाठीच्या अशा फेऱ्यांना आज बहर आहे, त्यामागे कायद्यातला एक बदलही आहे. १९४९च्या कायद्यानुसार पैसे घेऊन परदेशी भाषेत वाट दाखवण्याचा हक्क परवानाधारकांनाच होता. जानेवारी २०१८मध्ये ही अट निघाली आणि गल्लीबोळातल्या खाण्यावर जीव असलेल्या कुणालाही गाईड होता येऊ लागलं.

पहिला मुक्काम बहुधा ओमोइदे योकोचो, आठवणींची गल्ली. दोन माणसं समोरासमोर आली तर एकाने अंग चोरावं इतकी अरुंद. दुकानं सात-आठ जणांची. गिऱ्हाइकाच्या नाकासमोर कोळशावर काड्या उलटतात आणि धूर कपड्यांत शिरतो तो दुसऱ्या दिवशीही जात नाही. काड्यांना वजडी, कलेजी, हृदय, जीभ. हा मेनू हौसेतून आलेला नाही. जपानने शरणागती पत्करल्यावर पाचच दिवसांत, २० ऑगस्ट १९४५ला, शिंजुकूच्या पूर्व बाजूला ओझू टोळीचा बाजार भरला होता. ‘शिंजुकूतून प्रकाश’ ही त्याची घोषणा. पश्चिम बाजूलाही, जिथे ही गल्ली आहे तिथे, तसाच काळा बाजार उभा राहिला. पीठ नियंत्रणाखाली होतं, वजडी नव्हती. म्हणून दुकानदार वजडीकडे वळले आणि तीच या गल्लीची ओळख झाली. १९९९च्या आगीत गल्लीचा एक भाग जळाला, पण पुन्हा जुन्याच मापात बांधला गेला.

हे सगळं पाहण्यासारखं आहेच. पण शिंजुकूच्या खाण्याचा सगळ्यात दाट इतिहास या धुरात नाही. तो स्टेशनपासून दोन-तीन मिनिटांवर, शिंजुकूच्या हमरस्त्यावर, एका चकचकीत इमारतीच्या तळघरात ताटात वाढला जातो. दुकानाचं नाव नाकामुराया.

रासबिहारी बोस आणि नाकामुरायाची करी ही गोष्ट भारतात अधूनमधून छापून येते. बहुतेक वेळा ती दोन वाक्यांत संपते: क्रांतिकारक लपला, लपवणाऱ्यांच्या मुलीशी लग्न केलं, जपानला करी शिकवली. यात एक बाई पुरती दिसेनाशी होते. तिचं नाव सोमा कोक्को.

कोक्को हे तिने घेतलेलं नाव, मूळची र्‍यो. जन्म १८७६, सेंदाईचा. लग्न होऊन ती नागानो प्रांतातल्या होताका या गावी गेली. नवरा सोमा आइझो. पुढे दोघं टोकियोला आली आणि १९०१मध्ये टोकियो विद्यापीठासमोरचं नाकामुराया नावाचं चालू पावाचं दुकान त्यांनी नावासकट विकत घेतलं. १९०४मध्ये त्यांनी पावात कस्टर्ड भरून ‘क्रीम-पान’ काढला, तो आज जपानच्या कोपऱ्याकोपऱ्यावर मिळतो. १९०९मध्ये दुकान शिंजुकूच्या आजच्या जागी आलं. तेव्हा शिंजुकू म्हणजे शहराची वेस.

पावाच्या या दुकानात चित्रकार, शिल्पकार, लेखक यांचा राबता असे. शिल्पकार ओगिवारा रोकुझान नवऱ्याच्याच गावचा. १९१०मध्ये ‘स्त्री’ हे शिल्प पुरं करून तो याच घरात वारला. गुडघ्यांवर बसलेली, हात पाठीमागे बांधल्यासारखे, मान वर ताणलेली ती स्त्री पाहून कोक्कोच्या मुलांना आपली आई दिसली असं सांगतात. चित्रकार नाकामुरा त्सुने आवारातल्या स्टुडिओत राहायचा. घरच्या थोरल्या मुलीची, तोशिकोची चित्रं काढता काढता तो तिच्या प्रेमात पडला. त्याला क्षय होता. आईवडिलांनी ठाम नकार दिला. वाद विकोपाला गेला आणि १९१५मध्ये त्सुने घर सोडून गेला. स्टुडिओ रिकामा झाला. पुढचं सगळं घडलं ते या रिकाम्या खोलीमुळे.

त्याच वर्षी इकडे हिंदुस्थानात काय चाललं होतं? फेब्रुवारी १९१५चा लष्करी उठावाचा बेत फसला. रासबिहारींचा उजवा हात म्हणून वावरलेले, पुणे जिल्ह्यातल्या तळेगाव ढमढेऱ्याचे विष्णू गणेश पिंगळे मार्चमध्ये मेरठच्या छावणीत बॉम्बसकट पकडले गेले. १६ नोव्हेंबरला लाहोरच्या तुरुंगात कर्तारसिंग सराभा आणि इतर पाच जणांबरोबर त्यांना फाशी झाली. रासबिहारी मात्र रवींद्रनाथांचे नातलग पी. एन. टागोर हे नाव धारण करून मे महिन्यातच जपानी जहाजाने निसटले होते. पिंगळ्यांच्या फाशीला दोन आठवडे व्हायच्या आत, २७ नोव्हेंबरला, टोकियोच्या उएनो भागातल्या सेइयोकेन या जुन्या पाश्चात्त्य हॉटेलात हिंदी मंडळींनी सभा घेतली. लाला लजपत रायही बोलले. इंग्रज वकिलातीने डोळे वटारले आणि जपान सरकारने हुकूम काढला: रासबिहारी आणि त्यांचे सहकारी हेरंबलाल गुप्त यांनी २ डिसेंबरपर्यंत देश सोडावा.

देश सोडायचा म्हणजे इंग्रजांच्या हाती पडायचं. वर्तमानपत्रांतून गहजब झाला. पाववाला आइझो एका ओळखीच्या पत्रकाराजवळ सहज बोलून गेला, की आमच्यासारख्या दुकानात माणूस लपवला तर कुणाला संशय यायचा नाही. तो शब्द राष्ट्रवादी पुढारी तोयामा मित्सुरू यांच्यापर्यंत पोचला. १ डिसेंबरच्या रात्री दोघं हिंदी तोयामांच्या घरी निरोप घ्यायला गेले. पोलीस पुढच्या दारी थांबले. पाहुण्यांचे बूट तिथेच होते, त्यामुळे ते निर्धास्त. पाहुणे मात्र उसन्या कोटांत मागच्या बाजूने बाहेर पडले आणि मोटारीने शिंजुकूला आले.

सोमा दांपत्याने दुकानातल्या नोकरांना गोळा करून खरं काय ते सांगितलं. पावाच्या दुकानात दिवसभर गिऱ्हाईक, आवारात पोलिसांना हवी असलेली दोन माणसं, आणि कुणी ब्र काढला नाही. गुप्त काही दिवसांनी निघून गेले, रासबिहारी साडेतीन महिने राहिले. इंग्रजी येत असल्यामुळे कोक्को आणि तोशिको दुभाष्या झाल्या. या काळात कोक्कोची तान्ही मुलगी गेली. काळजीने आईचं दूध आटलं होतं, असं सांगतात. ‘प्रेम आणि क्रांतीची चव’ हे नाकामुरायाच्या करीचं बिरुद आहे. त्या बिरुदात या बाळाला जागा नाही, आणि ती असायला हवी होती.

दरम्यान इंग्रज युद्धनौकेने ‘तेन्यो मारू’ हे जपानी जहाज अडवून त्यातले हिंदी उतारू उचलले. जपानी सरकार चिडलं, हद्दपारीचा हुकूम बारगळला. पण इंग्रजांचे हेर पाठीवर होतेच. रासबिहारींना कायमची सोबत आणि आडोसा हवा म्हणून तोयामांनी तोशिकोचं स्थळ सुचवलं. एका चित्रकाराला नाकारलेली मुलगी आता फरारी माणसाला द्यायची. आईवडिलांनी निर्णय तिच्यावर सोडला. तिने वेळ घेतला आणि होकार दिला. १९१८मध्ये लग्न झालं. घरामागून घरं बदलत, खिडक्या लावून घेत संसार झाला. मुलगा झाला, मुलगी झाली. १९२३मध्ये रासबिहारी जपानी नागरिक झाले, लपणं संपलं. मार्च १९२५मध्ये तोशिको वारली. तिशीही गाठली नव्हती.

करी येते ती यानंतर. शिंजुकूत मित्सुकोशी या बड्या डिपार्टमेंट स्टोअरची शाखा आली आणि नाकामुरायाचं गिऱ्हाईक फुटू लागलं. बसून खाण्याची सोय करावी असं ठरलं, तेव्हा रासबिहारींनी आग्रह धरला: करायची तर खरी हिंदुस्थानी करी करा.

जपानला करी नवी नव्हती. ती मेजी काळात इंग्रजांकडून आली होती. १८७२च्या पाककृतींच्या पुस्तकांत ती आहे, त्यांतल्या एका कृतीत तर बेडूक आहे. नौदलाने ती खलाशांना खाऊ घातली. पण हा रस मैदा स्निग्धात परतून दाटवलेला, पिठल्याच्या जवळचा. रासबिहारींना तो मान्य नव्हता. त्यांना हवा होता हाडासकट कोंबडीचा, कांद्या-मसाल्याने अंग धरलेला, पातळ रस्सा. वास उग्र, हाडं ताटात, सुरुवातीला जपानी गिऱ्हाईक बिचकलं. लांब दाण्याचा भातही त्यांना रुचेना. शेवटी तडजोड झाली ती भातावर, रश्श्यावर नाही: एदो काळापासून नावाजलेला शिरोमे हा तांदूळ मुद्दाम पिकवून घेतला. कोंबडीसाठी स्वतःचं पालनकेंद्र काढलं. १२ जून १९२७ला उपाहारगृह उघडलं. इतरत्र करी-भात १०-१२ सेनला मिळे, इथे ८० सेन. तरीही लोक आले.

त्याच वर्षी मेनूत बोर्श्टही आलं. त्यामागे वासिली येरोशेंको हा अंध रशियन कवी. तोही याच घरात राहिला होता, आणि १९२१मध्ये त्याला जपानने हद्दपार केलं होतं. म्हणजे एकाच मेनूवर दोन परागंदा माणसांची आठवण, आणि दोघांनाही आसरा दिला तो कोक्कोनेच.

जपानी लिपीत सहसा ‘करे’ लिहितात. नाकामुराया आजही ‘करी’ लिहितं. एका स्वराचा हा हट्ट शंभरीला टेकला आहे.

रासबिहारींचं पुढचं राजकारण सरळ नव्हतं. जपानी साम्राज्याच्या विस्ताराला त्यांनी दिलेली साथ चीन-कोरियाच्या लोकांना विसरता येणार नाही, आणि आपणही ती झाकू नये. नाकाजिमा ताकेशी यांनी २००५च्या ‘नाकामुरायाचा बोस’ या पुस्तकात हा पेच सोडवायचा प्रयत्न केला आहे. आझाद हिंदची सूत्रं सुभाषबाबूंकडे दिल्यावर, २१ जानेवारी १९४५ला रासबिहारी गेले. त्याच वर्षी त्यांचा मुलगा ओकिनावाच्या लढाईत पडला. मुलगी गेली, जावई गेला, नातू गेला, तरी कोक्को होती. १९५५मध्ये, नवऱ्यामागून वर्षभराने, ती वारली.

इमारत २०१४मध्ये नव्याने बांधली. तिसऱ्या मजल्यावर छोटं कलासंग्रहालय आहे, तळघरात दुसऱ्या पातळीवर ‘मान्ना’ हे उपाहारगृह. भात वेगळा येतो, रस्सा वेगळा, बरोबर चटण्या-लोणची. रश्श्यात हाडाचा तुकडा आणि बटाटा. तिखट आपल्या मानाने बेताचं, पण मैदा नाही, हे पहिल्या घासाला कळतं.

शिंजुकूत फूड वॉक घेणाऱ्या मराठी माणसाने धुराच्या गल्लीत जरूर जावं. पण निघण्याआधी गाईडकडे अर्धा तास मागून घ्यावा, आधी तिसऱ्या मजल्यावर जावं आणि मग तळघरात उतरावं.